चौतीस सालचं अजिंक्यपद

ऑर्व्हल टिडमोरच्या हातून चेंडू सुटला तो एकोणीसशे चौतीस सालच्या थँक्सगिव्हिंगच्या सणाला, गुरुवारी, दुपारी चारच्या सुमाराला. तेव्हा तो एकवीस वर्षांचा होता. पुढे तो चांगला ऐंशीला टेकला, पण आमच्या अलाबामातल्या टॅल्मर गावानं त्याला त्या दुपारच्या पुढे काही येऊ दिलं नाही.

त्याचा बाप सूतगिरणीत कामाला. गिरणीतल्या कामगारांची पोरं त्या काळी कॉलेजात जात नसत. पण आमच्याकडचा फुटबॉल हातात चेंडू घेऊन पळायचा, आणि ऑर्व्हल पळायचा असा, की टॅल्मर कॉलेजचा फुटबॉलचा प्रशिक्षक स्वतः त्यांच्या स्वयंपाकघरात येऊन बसला, ताक आणि मक्याची भाकरी खाल्ली आणि त्याच्या आईला म्हणाला, पोराच्या शिक्षणाची आणि जेवणाची काळजी तुम्ही सोडा. चौथ्या वर्षी संघानं ओळीनं नऊ सामने जिंकले. जेमतेम आठशे विद्यार्थ्यांचं कॉलेज ते. पण बर्मिंगहॅमची वर्तमानपत्रं पहिल्या पानावर नाव छापायला लागली. दहावा आणि शेवटचा सामना घरच्याच मैदानावर होता, जॉर्जियातल्या रॅव्हनेल कॉलेजशी. तो जिंकला असता तर नववर्षाच्या दिवशीच्या मोठ्या सामन्याचं आमंत्रण ठरल्यातच जमा होतं. तो सामना भरवणाऱ्या शहराच्या समितीतले दोन गृहस्थ हॅट घालून पहिल्या रांगेत येऊन बसलेसुद्धा होते. ऑर्व्हलला प्रशिक्षकानं आणखी एक शब्द दिला होता: जिल्ह्याच्या हायस्कुलात फुटबॉल शिकवायची नोकरी.

टॅल्मरनं एकदाच चेंडू रेषेपार नेला, त्याचे सहा गुण. वरच्या एका गुणासाठी मारलेली लाथ खांबाला लागून बाहेर गेली. सहा-शून्य. शेवटची चार मिनिटं उरली होती. पुढे सरकता येईना म्हणून रॅव्हनेलनं चेंडू लाथेनं उंच उडवून दिला. त्याच्या खाली एकटा ऑर्व्हल उभा होता. आजूबाजूला कुणी नव्हतं. चेंडू हातात आला, छातीवर आपटला आणि खाली पडला. रॅव्हनेलच्या एका धिप्पाड पोरानं त्यावर अंग टाकलं. टॅल्मरची रेषा तिथून आठ यार्डांवर. पुढच्या दोन चालींत त्यांनी काम उरकलं, वरचा गुणही घेतला. सात-सहा.

कप्तान होता क्लोव्हिस मॅडॉक्स, लाकडाच्या वखारवाल्याचा मुलगा. त्यानं वार्ताहराला सांगितलं, ‘‘दहा जणांनी कमावलं, एकानं घालवलं.’’ ते दुसऱ्या दिवशी छापून आलं. न्हाव्यानं तेवढं कात्रण कापून आपल्या आरशाशेजारी चिकटवलं. ते तिथं अकरा वर्षं होतं.

हॅटवाले गृहस्थ संध्याकाळच्या गाडीनं निघून गेले. हायस्कुलातल्या नोकरीचा विषय पुन्हा कुणी काढला नाही. लोण्यासारखा चेंडू हातातून निसटला म्हणून नाताळच्या आत ऑर्व्हलचं नाव ‘बटर’ पडलं होतं, आणि नवं वर्ष लागेस्तोवर त्याचं मूळ नाव त्याच्या आईखेरीज कुणी घेईनासं झालं.

दोन वर्षं तो मोबिलच्या बंदरावर ओझी वाहत राहिला. तिथं त्याला कुणी ओळखत नव्हतं. पण बापाच्या छातीत गिरणीतला कापूस बसला, तो अंथरुणाला खिळला, आणि ऑर्व्हलला परत यावं लागलं. गावच्या पाणीखात्यात मीटर वाचायची जागा मिळाली. एकतीस वर्षं त्यानं ती केली. दारोदार जायचं, जमिनीतलं झाकण उचलायचं, वाकून आकडा बघायचा, वहीत लिहायचा. एवढ्या वर्षांत त्याच्या एकाही आकड्याबद्दल तक्रार आली नाही. व्हरांड्यात बसलेल्या बाया हसून म्हणायच्या, ‘‘जपून हं बटर, झाकण पाडशील.’’ त्यांच्या मनात काही वाईट नसायचं. त्याच बाया त्याला बर्फ घालून गोड चहाही द्यायच्या. तोही हसायचा, चहा प्यायचा आणि पुढच्या घरी जायचा.

त्याची बायको नेल्डा बाहेरगावची, शाळेच्या स्वयंपाकघरात कामाला आलेली. तिला फुटबॉलमधलं ओ की ठो कळत नव्हतं. लग्न ठरवताना ऑर्व्हलनं तिला एवढंच विचारलं होतं म्हणे, की तुझे भाऊ खेळतात का. ती नाही म्हणाली आणि त्यानं होकार दिला. ही गोष्ट ती पुढे गमतीनं सांगायची. तो मात्र ती सांगायला लागली की उठून जायचा.

त्यांना एकच मुलगा झाला, वेंडेल. बापाचेच पाय घेऊन आला होता. चौदाव्या वर्षी शाळेच्या संघात त्याची निवड झाली आणि पालकाच्या सहीसाठी कागद घरी आला. ऑर्व्हलनं तो तीन आठवडे स्वयंपाकघरातल्या फळीवर ठेवला. मग एका रविवारी चर्चहून आल्यावर म्हणाला, ‘‘नाही. घरात एक पुरे.’’ नेल्डा भांडली, दोन दिवस जेवली नाही. शाळेचा प्रशिक्षक घरी येऊन गेला. ऑर्व्हलनं सही केली नाही आणि का करत नाही हेही सांगितलं नाही. पोराला वाटलं, बापाला आपला भरवसा नाही. अठरावं लागताच वेंडेल ओहायोत टोलिडोला गेला, काचेच्या कारखान्यात लागला आणि तिकडचाच झाला. नाताळला त्याचा फोन यायचा. दहा मिनिटं बोलायचा. त्यातली नऊ आईशी.

असंच सगळं संपलं असतं. पण सत्याऐंशी सालच्या ऑगस्टमध्ये कॉलेजच्या प्रसिद्धी विभागातला टेरेल प्यू नावाचा तिशीतला माणूस फाईल काखोटीला मारून त्यांच्या व्हरांड्यात आला. टॅल्मरच्या फुटबॉलची तोवर पार रया गेली होती. आदल्या वर्षी दोनच सामने जिंकले होते, मैदानात निम्म्या बाकांवर चिमण्या बसायच्या. कॉलेजनं नवा क्रीडाप्रमुख आणला होता, आणि त्यानं प्यूला जुने कागद उकरून काढायला सांगितलं होतं.

प्यू जाड चष्म्याचा, घामाघूम, मनानं चांगला माणूस होता. त्यानं खुर्चीच्या कडेवर बसून सांगितलं, की मिस्टर ऑर्व्हल, तुमचा चौतीसचा संघ राष्ट्रीय विजेता होता.

ऑर्व्हलला वाटलं, याची काहीतरी गफलत झालीय. त्यानं शांतपणे सांगितलं की शेवटचा सामना आम्ही हरलो. मी होतो तिथं.

‘‘ते मला ठाऊक आहे, साहेब,’’ प्यू म्हणाला. ‘‘पण त्या काळी विजेता ठरवायला कुणी एक बसलेलंच नव्हतं. अजूनही धड नाही. कुणी वर्तमानपत्रवाला ठरवायचा, कुणी प्राध्यापक गणित मांडून ठरवायचा. ओहायोत एक विमा कंपनीतला गणिती होता. कोण कुणाशी खेळला, किती फरकानं जिंकला, याचा हिशेब लावून तो दर आठवड्याला यादी काढायचा. त्याच्या यादीत आपण पहिले आहोत.’’

‘‘आणि रॅव्हनेल?’’

‘‘तेही म्हणवतात. आणखी दोन कॉलेजंही म्हणवतात. त्या एका सालाचे तीन विजेते आधीच आहेत. आपण चौथे. देशातल्या फुटबॉलच्या नोंदवहीत सगळ्यांची नावं येतात, कुणी निवडलं त्याच्या नावासकट.’’

ऑर्व्हलनं रस्त्याकडे पाहिलं. मग त्यानं विचारलं, ‘‘म्हणजे मैदानात काय झालं ते कुठं लिहायचं?’’

प्यूनं फाईल उघडली. तो म्हणाला, ऑक्टोबरात माजी विद्यार्थ्यांच्या सोहळ्याला सामन्याच्या मध्यंतरात सत्कार आहे. संघातले सात जण हयात आहेत, प्रत्येकाला अंगठी मिळेल, भिंतीवर फलक लागेल. ऑर्व्हल ‘बघू’ म्हणाला. प्यू गेल्यावर नेल्डाला म्हणाला, मी जाणार नाही.

पण पुढच्या आठवड्यात क्लोव्हिस मॅडॉक्स काठी टेकत त्यांच्या पायऱ्या चढला. मॅडॉक्सचं फर्निचरचं मोठं दुकान होतं, चर्चमध्ये पुढची रांग होती, आणि गेल्या त्रेपन्न वर्षांत ऑर्व्हलशी त्याचं बोलणं ‘नमस्कार’ आणि ‘पाऊस येईल बहुतेक’ यापलीकडे गेलं नव्हतं. ऑर्व्हल दर महिन्याला त्याचाही मीटर वाचायचा, तेव्हाही नाही.

नेल्डानं दोघांना अक्रोडासारखं पेकान घालून केलेला केक दिला आणि ती आत गेली. पण जाळीच्या दाराआड उभी राहिली. पुढे झालं ते तिच्यामुळेच आम्हाला कळलं.

मॅडॉक्सनं हवापाण्याच्या गप्पा झाल्यावर मुद्दा काढला. सातच उरलोत, त्यातला एक चाकाच्या खुर्चीत. तू आला नाहीस तर लोक विचारतील. फोटो अर्धवट दिसेल.

‘‘क्लोव्हिस,’’ ऑर्व्हल म्हणाला, ‘‘तू तेव्हा पेपरात बोलला होतास ते तुला आठवतं?’’

‘‘पोरगेला होतो रे मी. तू त्रेपन्न वर्षं ते घेऊन बसलायस?’’

‘‘मी नाही बसलो. गाव बसलंय. तू ते परत घे, मी येतो.’’

मॅडॉक्सनं काठीची मूठ चोळली. म्हातारा वाईट नव्हता, पण खोटं बोलायचं तर त्याला आधी थोडा विचार करावा लागे. ‘‘परत काय घेऊ, बटर? चेंडू तर तू पाडलासच.’’

‘‘पाडला ना? मग आपण हरलो. आणि आपण जिंकलो असू, तर मग मी पाडला नाही. दोन्हींतलं एक काय ते ठरव. दोन्ही मला पेलायचं नाही.’’

मॅडॉक्सनं काठी सावरली. मग उठता उठता म्हणाला, ‘‘मला डॉक्टरनं फार दिवस दिलेले नाहीत. मला ती अंगठी पाहिजे. बाकीचं मला नाही कळत.’’ आणि केक तसाच ठेवून तो पायऱ्या उतरला.

ऑर्व्हल सोहळ्याला गेला तो नेल्डासाठी. ती म्हणाली, मी या गावात चाळीस-पन्नास वर्षं बटरची बायको म्हणून काढली, एक दिवस तरी मला दुसरं काहीतरी होऊ दे. तिनं निळा कोट काढला, केस सेट करून आली. यावर तो काय बोलणार?

त्या शनिवारी टॅल्मर मध्यंतरालाच एकवीस गुणांनी मागे होतं. बाकं अर्धी रिकामी. ध्वनिक्षेपकावरून एकेक नाव पुकारलं, एकेक म्हातारा हिरवळीवर पुढे गेला. मॅडॉक्सला टाळ्या जोरात पडल्या. ऑर्व्हलचं नाव पुकारलं तेव्हा टाळ्या झाल्या त्याही बऱ्यापैकी. क्रीडाप्रमुखानं डबी उघडून अंगठी पुढे केली. ऑर्व्हलनं हात पुढे केला आणि नेमकं त्याच वेळी वरच्या बाकांवरून कुणीतरी ओरडलं, ‘‘नीट धर रे, बटर!’’

सगळं मैदान हसलं. क्रीडाप्रमुख बाहेरगावचा, त्याला कळलं नाही, तोही आपला हसला. ऑर्व्हलनं अंगठी मुठीत धरली आणि दुसऱ्या हातानं हॅट किंचित उचलली, एकतीस वर्षं उचलत आला तशी. खाली कठड्याशी नेल्डा उभी होती. ती हसली नाही. घरी जाताना गाडीत तिनं पर्समधून रुमाल काढला आणि मांडीवर घडी घालून ठेवला, एवढंच.

दुसऱ्या दिवशी दुपारी जेवण झाल्यावर ऑर्व्हलनं आपणहून टोलिडोला फोन लावला. आयुष्यात त्यानं असं दोनदा-तीनदाच केलं असेल. वेंडेलला वाटलं आईला काही झालं. ऑर्व्हलनं सांगितलं, की कॉलेज म्हणतंय आम्ही चौतीसचे विजेते होतो. काल अंगठी दिली.

वेंडेल तेव्हा अठ्ठेचाळीस वर्षांचा होता, त्याची स्वतःची पोरं मोठी झाली होती. तो म्हणाला, ‘‘मग मला खेळता आलं असतं की, डॅडी.’’

वेंडेलनंच मग अभिनंदन केलं, आईला दे म्हणाला.

महिन्याभरानं कॉलेजनं सातही जणांना त्या ओहायोच्या गणितीची यादी चौकटीत बसवून पाठवली. जुन्या टंकलेखित कागदाची नक्कल. वर टॅल्मर, पहिला क्रमांक, पुढे बारीक आकड्यांच्या ओळी. नेल्डानं ती बैठकीच्या खोलीत लावली. ऑर्व्हल चष्मा लावून तिच्यापुढे उभा राहिला. ज्या माणसानं जन्मभर मीटर वाचले, त्याला आकडे नुसते बघून पुढे जाता येत नाही. त्यानं टॅल्मरच्या नावापुढचे सामने मोजले. मग बोट ठेवून पुन्हा मोजले. नऊच भरले. हरलेल्यांच्या रकान्यात शून्य. खालच्या कोपऱ्यात तारीख होती: सव्वीस नोव्हेंबर. थँक्सगिव्हिंगचा गुरुवार त्या साली एकोणतीस तारखेला आला होता.

म्हणजे ज्या दिवशी ती यादी निघाली, त्या दिवशी त्याच्या हातून चेंडू अजून सुटलेलाच नव्हता.

तो दुसऱ्याच दिवशी चालत कॉलेजात प्यूच्या खोलीवर गेला. प्यूनं त्याचं म्हणणं ऐकलं, उठून दार लावलं, चष्मा काढून पुसला. त्याच्याही हे लक्षात आलं होतं, पण अंगठ्या करायला टाकल्यानंतर. त्या गणितीची शेवटची, डिसेंबरातली यादी कुठंच सापडत नाही, तो म्हणाला. कंपनीचं जुनं दफ्तर पुरात वाहून गेलं. त्यातही आपणच पहिले असू शकतो. एका गुणानं तर हरलो.

‘‘असू शकतो,’’ ऑर्व्हल म्हणाला.

‘‘नसूही शकतो,’’ प्यू म्हणाला. ‘‘मिस्टर ऑर्व्हल, नोंदवही फक्त साल विचारते आणि निवडणाऱ्याचं नाव विचारते. तारीख विचारत नाही. बाकीची कॉलेजं काय काय दाखवून बसलीत ते मी पाहिलंय. आपलं त्यातल्या त्यात बरं आहे. आणि तुम्ही बाकीच्या सहा जणांकडे काय म्हणून जाणार? अंगठ्या काढून द्या म्हणून?’’

ऑर्व्हल घरी आला. त्यानं नेल्डालाही सांगितलं नाही. चौकट भिंतीवर तशीच राहिली, फक्त तो ज्या खुर्चीत बसायचा तिची पाठ त्यानं त्या भिंतीकडे केली. नेल्डानं विचारलं तेव्हा म्हणाला, उजेड डोळ्यांवर येतो.

अशी तीन वर्षं गेली. दरम्यान त्या फलकावरून बाहेर कुरबुर सुरू झालीच होती. रॅव्हनेलच्या एका माजी विद्यार्थ्यानं वर्तमानपत्रात पत्र लिहिलं, की आम्ही यांना यांच्याच मैदानावर हरवलं आणि आता हे आमच्या बरोबरीला येऊन बसतात, हा कुठला न्याय. टॅल्मरच्या लोकांनी उलट पत्रं लिहिली. न्हाव्याच्या दुकानात ज्यांनी आयुष्यभर बटरची टर उडवली होती, तेच आता तावातावानं सांगायला लागले, की चौतीसचा संघ देशात पहिला होता, गणितानं सिद्ध झालंय.

नव्वद सालच्या ऑक्टोबरात राजधानीच्या एका वर्तमानपत्रातली जोअॅन रस्क नावाची बाई आली. राज्यातल्या कॉलेजांनी मागाहून आपल्या नावावर लावलेल्या अजिंक्यपदांवर ती लेखमाला लिहीत होती. व्हरांड्यात नेल्डा वाटाणे सोलत बसली होती. रस्कबाईनं नम्रपणे सगळं विचारलं, मीटरची नोकरी, सत्कार, अंगठी. ऑर्व्हल मोजकं बोलत होता. मग तिनं विचारलं, कॉलेज म्हणतं ती यादी अखेरची होती. तुम्ही ती पाहिलीय का?

‘‘पाहिलीय.’’

‘‘तिच्यात सामने किती आहेत?’’

नेल्डा पुढे सांगायची, की तिला काहीच माहीत नव्हतं, पण त्याच्या तोंडाकडे पाहून तिचे हात थांबले. त्याला ‘मोजले नाहीत’ म्हणता आलं असतं. बाई पुढे गेली असती. पण एकतीस वर्षं कुणीही आकडा विचारला की होता तो आकडा सांगायचा, एवढीच त्याची रीत होती.

‘‘नऊ,’’ ऑर्व्हल म्हणाला.

‘‘तुम्ही दहा खेळलात.’’

‘‘हो, मॅडम. दहा खेळलो.’’

बाई गेल्यावर नेल्डानं फक्त विचारलं, किती दिवस माहीत होतं. त्यानं सांगितलं, तीन वर्षं. तिनं वाटाण्यांचं भांडं उचललं आणि आत गेली. त्या संध्याकाळी तिनं ती चौकट स्वतःच उतरवून कपाटामागे ठेवली.

रविवारच्या अंकात ते आलं. मथळा मोठा होता आणि त्याखाली ऑर्व्हलचाच फोटो. त्या दिवशी चर्चमध्ये त्यांच्या बाकावर तिसरं कुणी बसलं नाही. न्हाव्याच्या दुकानात एवढंच म्हटलं गेलं, की बटरनं पुन्हा पाडलं. कॉलेजनं फलक उतरवला नाही. चौतीसच्या आकड्यापुढे एक चांदणी काढली आणि तळाशी, वाकल्याशिवाय दिसणार नाही अशा अक्षरांत, यादीची तारीख घातली. प्यू वर्ष संपायच्या आत दुसऱ्या कॉलेजात गेला. जायच्या आधी तो निरोप घ्यायला आला आणि म्हणाला, तुमच्यावर राग नाही, साहेब. ऑर्व्हलनं त्याला चहा दिला.

फेब्रुवारीत क्लोव्हिस मॅडॉक्स गेला. चौतीसच्या संघातल्या हयात असलेल्यांना घरच्यांनी मानकरी म्हणून पुढच्या रांगेत बसवलं. ऑर्व्हलला निरोपच आला नाही. तरी तो काळा कोट घालून गेला, शेवटच्या बाकावर बसला. नेल्डा म्हणाली, मीही इथंच बसते. शवपेटीत मॅडॉक्सच्या बोटात अंगठी होती. ती बघायला ऑर्व्हल पुढे गेला नाही. लोक बोलले त्यावरून त्याला कळलं.

बाहेर अंगणात मॅडॉक्सची मुलगी त्याच्यापाशी आली. पन्नाशीची, शाळेत शिकवणारी बाई. तिचा आवाज अजिबात चढला नाही.

‘‘मिस्टर ऑर्व्हल, डॅडींनी दवाखान्यात मला विचारलं होतं, पेपरातलं खरं आहे का. मी सांगितलं, खोटं आहे. मी आजवर त्यांच्याशी खोटं बोलले नव्हते.’’ तिनं पर्स दुसऱ्या हातात घेतली. ‘‘त्यांचे चारच महिने उरले होते. तुम्हाला तेवढे थांबता आलं असतं.’’

‘‘हो, मॅडम,’’ ऑर्व्हल म्हणाला.

हे मात्र त्याच्या जिव्हारी लागलं. गावाच्या टोमण्यांची त्याला सवय होती. पण यात टोमणा नव्हता, आणि ती म्हणाली ते काही चूक नव्हतं. तीन वर्षं गप्प बसला होताच की तो. आणखी चार महिन्यांनी काय बिघडलं असतं? पुढे कित्येक आठवडे तो नेल्डाला मध्येच विचारायचा, मी ‘आठवत नाही’ म्हणायला हवं होतं का गं? ती आधी नाही म्हणायची. नंतर नंतर ती म्हणायला लागली, मला नाही माहीत, ऑर्व्हल.

मार्चमध्ये एका रविवारी दुपारी फोन वाजला. वेंडेल होता. अलाबामातल्याच कुणा सहकाऱ्याच्या नातेवाइकानं ते जुनं वर्तमानपत्र पाठवलं होतं, ते त्याच्या हाती आत्ता पडलं होतं. त्यानं आईला मागितलं नाही. तो म्हणाला, ‘‘डॅडी, त्या दिवशी नक्की झालं काय? तू मला कधी सांगितलंच नाहीस.’’

खरं म्हणजे ऑर्व्हलला हे आजवर कुणीच विचारलं नव्हतं. सगळ्यांना ठाऊकच होतं. कुणी म्हणे चेंडू ओला होता, कुणी म्हणे ऊन डोळ्यांवर आलं. तो भिंतीला टेकून उभा राहिला आणि हळूहळू सांगायला लागला. चेंडू ओला नव्हता. ऊन पाठीमागे होतं. चेंडू सरळ येत होता, रोज सरावाला पन्नास झेलायचा तसाच. पण डावीकडे मैदान मोकळं दिसलं. वाटलं, हा घेतला की मी थेट पलीकडे जातो, आजचा दिवस माझा. चेंडू हातात यायच्या आधी मी तिकडे पाहिलं.

‘‘एवढंच?’’

‘‘एवढंच.’’

वेंडेल म्हणाला, ‘‘हे मला तू चौदाव्या वर्षी सांगायला हवं होतंस. मी तरी समजलो असतो.’’

‘‘हो रे,’’ ऑर्व्हल म्हणाला. ‘‘तेव्हा सांगायला पाहिजे होतं.’’

उन्हाळ्यात येतो, असं वेंडेल म्हणाला होता. उन्हाळ्यात त्याच्या पाठीचं ऑपरेशन निघालं. पुढच्या उन्हाळ्यात कारखाना बंद पडायच्या गोष्टी सुरू झाल्या. फोन मात्र आता महिन्यातून एकदा यायला लागला, आणि कधी कधी दोघं नुसते धरून बसायचे. ऑर्व्हलला दम लागायला लागला होता. बापासारखीच छाती, गिरणीत एक दिवस न जाताही.

त्र्याण्णवच्या जानेवारीत, एका मंगळवारी सकाळी, बुटांच्या नाड्या बांधता बांधता तो गेला. वेंडेल गाडी चालवत आला तो बुधवारी पोचला. चर्चमध्ये चाळीसेक माणसं होती. त्यांत पाणीखात्यातले जुने लोक होते, आणि नेल्डाला नवल वाटलं, मॅडॉक्सची मुलगीही होती. ती मागे बसली आणि न बोलता गेली.

चर्चला निघायच्या आधी कॉलेजकडून फुलांचं मोठं चक्र घरी आलं होतं. त्याच्यावर आडवी पट्टी होती आणि सोनेरी अक्षरांत लिहिलं होतं: राष्ट्रीय विजेते, एकोणीसशे चौतीस. वेंडेलनं ते दारातच थोपवून धरलं आणि आईला विचारलं, हे आत घ्यायचं की परत पाठवायचं?

नेल्डानं स्वयंपाकघरातून कात्री आणली. पट्टीच्या दोन्ही टोकांना तिनं कापलं, पट्टी गुंडाळून ओट्यावर ठेवली.

‘‘फुलं चांगली आहेत,’’ ती म्हणाली. ‘‘फुलं राहू दे.’’